आठ सेंटिमीटर

सांगलवाडीच्या शाळेतून डोंगर दिसत नाही.
खिडकीत ऊस, उसामागे ऊस,
आणि नदीचा बांध. त्यावर चढलं की पोरं ओरडतात,
बाई, आपण वर आलो!

म्हणून त्या वर्षी आठ फुटी प्लायवूड आणलं.
एक सेंटिमीटर म्हणजे दोनशे किलोमीटर.
रद्दी भिजवली, मेथी वाटली,
कसर लागू नये म्हणून मूठभर हळद,
मार्केट यार्डात सांडलेली, फुकटची.
जगातले सगळे पर्वत त्यामुळे जरा पिवळे झाले.
त्याला माझा इलाज नव्हता.

अँडीज आदिनाथ मगदूमकडे.
दक्षिण अमेरिकेच्या पश्चिम काठानं
पस्तीस सेंटिमीटर लगदा त्यानं असा दाबत नेला,
जसा त्याचा बाप उसाला पाणी पाजताना
सरीची कड दाबत जातो,
थेट खालच्या टोकापर्यंत.
वरचा रॉकीज जिच्याकडे, तिला गोवर निघाला.
उत्तर अमेरिका आठवडाभर सपाट राहिली.

आल्प्सला बाक हवा होता.
जुनैद सतारमेकरनं मिरजेच्या चुलत्याकडून
फुटक्या भोपळ्याची खाप आणली.
इटलीच्या डोक्यावर ती बरोब्बर बसली.
टिचकी मारली की
आल्प्स अजून किंचित वाजायचा.

उरल उभा, युरोप न् आशियाच्या मधोमध.
तसलीमनं विचारलं, बाई, ही भिंत कुणी घातली?
भिंत नाही गं, जुना सांधा आहे,
दोन भूखंड धडकले तिथं.
म्हणजे आमच्या आणि काकांच्या घरासारखं, ती म्हणाली,
आणि पुढं लगदा थापत राहिली.

सह्याद्रीचं तेवढं जमेना.
हिमालयाला बारा सेंटिमीटर, सगळ्यात जाड थर,
शेंड्यांना चुना.
सह्याद्री आठ. आणि उंची?
मापानं काढली तर पोस्टकार्डाएवढी.
शेवटी काळ्या दोऱ्याचा तुकडा चिकटवला.
पोरं हिरमुसली.
ज्याच्यावर सहल गेली, दम लागला, दोघं ओकली,
जिथं नदी ओंजळीत धरता आली,
तो एवढाच?
मी म्हटलं, जग मोठं आहे.
शिक्षकाला असली वाक्यं लगेच सुचतात.

ऑगस्टमध्ये कोयनेचे दरवाजे उचलले.
आयर्विनच्या पट्टीवर आकडा पन्नाशी ओलांडून गेला
तेव्हा आम्ही मिरजेच्या एका कॉलेजात,
दुसऱ्यांच्या सतरंज्यांवर.

अकराव्या दिवशी शाळेचं दार खांद्यानं ढकललं.
कपाटावरचं जग जमिनीवर उताणं.
अँडीज विरघळलेला,
हिमालयाचा चुना भिंतीला,
उरल नाही, अॅटलस नाही,
ऑस्ट्रेलियाच्या पूर्वेची रांग नाही.
आल्प्स तेवढा तरंगत तरंगत
मुलींच्या मुतारीपाशी गेलेला. भोपळाच तो.
आणि सगळ्यावर, समुद्रांवरसुद्धा,
चार बोटं गाळ.

काळा, मऊ, लोण्यासारखा.
फावडं मारायला वाकले आणि तशीच राहिले.
हा काही सांगलवाडीचा नव्हे.
हा वरचा.
कड्यांवरून खरवडलेला, ओढ्यांनी कालवलेला,
वाईवरून, कऱ्हाडवरून,
लोकांच्या चुली आणि वह्या तुडवत
आमच्या वर्गापर्यंत आलेला.
दोऱ्यात मावला नव्हता,
आता महासागर बुजवून बसला होता.

राग आला का? आला.
नाकात तो वास, पायात तो चिखल,
आणि तरी त्याला ओळखल्यावर
फावडं जरा हळूच टेकवलं.

जानेवारीत पोरांनी पुन्हा प्लायवूड मागितलं.
या वेळी लगदा नको म्हणाली, गाळ आहे की,
आवाराच्या कोपऱ्यात ढिगारा अजून तसाच.
जगातला एकेक पर्वत
आमच्या डोंगराच्या मातीनं उभा राहिला.
आदिनाथनं विचारलं, प्रमाण काय लिहू?
मी म्हटलं, राहू दे.

तसलीम हात धुऊन आली.
नखांत काळं तसंच.
बाई, एवढा खाली आला,
तर वर आता किती उरला असेल?

मी खडू शोधू लागले.
डब्यातले सगळे खडू
पुरापासून एकमेकांना चिकटलेले होते.